पहिला कॅमेरा आणि हरवलेली फीत : माहितीपटाच्या छायालेखकाची कारकीर्द

पौडहून ताम्हिणीकडे निघाले की थोड्याच अंतरावर मुळशी धरणाचे पाणी दिसू लागते. त्या पाण्याखाली गेलेल्या गावांसाठी १९२१ ते १९२४ या काळात मावळ्यांनी सत्याग्रह केला. सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांची नावे त्याच्याशी कायमची जोडली गेली. या लढ्याविषयी आपल्याला जे ठाऊक आहे, ते मुख्यतः लिहून ठेवलेल्या मजकुरातून : वर्तमानपत्रांतल्या बातम्या, पत्रके, कोर्टाचे कागद, भुस्कुट्यांचे लेखन आणि अलीकडच्या काळात राजेंद्र व्होरा यांनी केलेले संशोधन. कोणत्या दिवशी काम बंद पाडले आणि कोणाला किती शिक्षा झाली, हे कागद सांगतो. पण बंधाऱ्यावर जाऊन बसलेली बाई कशी बसली होती, तिच्या अंगावर काय होते, पोलीस पुढे आल्यावर तिने मान वर केली की खाली घातली, हे कागदाला सांगता येत नाही. ते सांगण्याचे काम ज्याचे, तो माहितीपटाचा छायालेखक.

१९२१ साली महाराष्ट्राला चित्रपटाचा कॅमेरा नवा नव्हता. त्या वेळेपर्यंत एका मराठी माणसाने घडत्या गोष्टी फितीवर टिपायला सुरुवात करून वीसहून अधिक वर्षे झाली होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हे त्यांचे नाव. लोक त्यांना सावे दादा म्हणत. भारतात घडत्या घटनेचे चित्रीकरण करणारा पहिला भारतीय म्हणून त्यांचा उल्लेख केला जातो. त्यांची कारकीर्द मात्र आठ-नऊ वर्षांतच संपली आणि त्यांचे चित्रपट आज पाहायला मिळत नाहीत. असे का झाले, हा या लेखाचा प्रश्न आहे. याचे उत्तर एका माणसाच्या दैवात शोधून सापडत नाही, ते या व्यवसायाच्या घडणीत आहे. त्याच घडणीतून पुढच्या सव्वाशे वर्षांतल्या छायालेखकांच्याही कारकिर्दी घडल्या किंवा मोडल्या.

एकवीस गिनींचा कॅमेरा

सावे दादांचा जन्म १८६८ चा. मुंबईत केनेडी ब्रिजपाशी त्यांचा फोटो स्टुडिओ होता. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या सिनेमॅटोग्राफचे खेळ सुरू झाले. तिकीट एक रुपया होते आणि छोट्या छोट्या सहा फिती दाखवल्या जात. काही दिवसांतच हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरात हलले. फोटो काढणे हाच ज्याचा व्यवसाय, अशा माणसाला हलते चित्र पाहून काय वाटले असेल, याची कल्पना करता येते. सावे दादांनी इंग्लंडमधून रायली कंपनीचा कॅमेरा मागवला. त्याची किंमत २१ गिनी होती.

हा आकडा आजच्या वाचकाला काहीच सांगत नाही, म्हणून हिशोब मांडू. एक गिनी म्हणजे २१ शिलिंग. एकवीस गिनींचे झाले ४४१ शिलिंग, म्हणजे २२ पौंड १ शिलिंग. त्या सुमारास एका पौंडाला १५ रुपये असा दर होता. म्हणजे कॅमेरा साधारण ३३० रुपयांना पडला. बोटीचे भाडे आणि जकात निराळी. चालत्या स्टुडिओच्या मालकाला एकदा करता येईल, असा हा खर्च होता. सावे दादांची खरी अडचण कॅमेरा हाती आल्यानंतर सुरू झाली.

१८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन पहिलवानांची कुस्ती झाली. सावे दादांनी ती टिपली. ही त्यांची पहिली फीत. दुसरी होती माकडांना खेळ शिकवणाऱ्या मदाऱ्याची. दोन्ही विषय उघड्यावरचे आहेत, आणि त्यालाही कारण आहे. त्या वेळची फीत फार मंद होती, भरपूर ऊन असल्याखेरीज तिच्यावर चित्र उमटत नसे. कॅमेऱ्याला मोटर नव्हती. डाव्या-उजव्या बाजूला सफाईने वळवता येईल अशी तिवईसुद्धा त्या काळी सहज मिळत नसे. मूठ हाताने फिरवायची, एका फेऱ्यात आठ चौकटी आणि एका सेकंदात दोन फेरे. हात जरा अडखळला की पडद्यावर माणसे धावू लागत. फीत संपायला एखादा मिनिट लागे. कुस्ती मात्र घड्याळ पाहून होत नाही. पहिलवान पाच मिनिटे नुसते हात झटकत फिरतील आणि सहाव्या मिनिटाला पट काढतील. मूठ कधी फिरवायला सुरुवात करायची, हा निर्णय छायालेखकाचा असतो. तो एकदा चुकला की फीत वाया जाते, आणि कुस्ती काही कोणी पुन्हा करून दाखवत नाही.

माहितीपटाच्या छायालेखकाच्या कामाचे मर्म इथेच सापडते. कथापटाच्या कॅमेरामनला ‘पुन्हा एकदा’ म्हणता येते. माहितीपटाच्या कॅमेरामनला समोर काय होणार, हे होण्याच्या थोडे आधी ओळखावे लागते. भिंग, उजेड, चौकट या गोष्टी शिकवता येतात. हा अंदाज मात्र समोरच्या माणसांची आणि त्यांच्या कामाची ओळख असेल तरच येतो. ज्याला कुस्ती कळते, त्यालाच कुस्ती टिपता येते.

लंडनला जाणारी फीत

टिपलेली फीत धुवायची सोय इथे नव्हती. कुस्तीची फीत सावे दादांना लंडनला पाठवावी लागली. टपालाच्या बोटीला एका वाटेला सुमारे दोन आठवडे लागत. म्हणजे आपण काय टिपले हे कळायला निदान महिना, बहुधा त्याहून जास्त काळ जाई. फीत परत येईपर्यंत खर्च अंगावर आणि धाकधूक मनात. मधल्या काळात सावे दादांनी प्रक्षेपणाचे यंत्र घेतले आणि परदेशी फितींचे खेळ करायला सुरुवात केली. पुढे आपल्या स्वतःच्या फितीही त्यांनी त्याच खेळांत दाखवल्या.

डिसेंबर १९०१ मध्ये रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिजहून परतले. गणिताच्या परीक्षेत सर्वांत वरचा, सीनिअर रँग्लरचा मान १८९९ मध्ये मिळवणारा हा पहिला भारतीय. पुढे फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य म्हणून पुणेकरांनी त्यांना अनेक वर्षे पाहिले. मुंबईत त्यांचे जे स्वागत झाले, ते सावे दादांनी टिपले. भारतातले पहिले वृत्तचित्र असे या फितीला म्हटले जाते. त्याच वर्षी सर मंचरजी भावनगरी यांच्या आगमनाची फीतही त्यांनी घेतली. १९०३ च्या आरंभी लॉर्ड कर्झनने दिल्लीत दरबार भरवला, तेव्हा सावे दादा तिथेही पोचले.

कुस्ती, मदारी, रँग्लर, दरबार हा क्रम लक्षात घेण्याजोगा आहे. पाच वर्षांच्या आत हा माणूस गंमत टिपण्यापासून घटना टिपण्यापर्यंत आला. शहर ज्याविषयी बोलते आहे ते शहराला दाखवायचे, ही वृत्तपत्राची बुद्धी त्याने कॅमेऱ्याला लावली. तिकीट काढून येणारा माणूस लंडनची आगगाडी पाहायला येतोच, पण कालपरवा आपण ज्या गर्दीत उभे होतो ती गर्दी पडद्यावर पाहायला तो जास्त हौसेने येईल, हे त्यांनी ओळखले होते.

मग ते थांबले का? १९०७ च्या सुमारास सावे दादांनी चित्रीकरण सोडले. पुढचे आयुष्य त्यांनी चित्रपट दाखवण्याच्या धंद्यात घालवले. मुंबईच्या गेइटी थिएटरचे काम त्यांनी सांभाळले. हेच थिएटर पुढे कॅपिटॉल म्हणून प्रसिद्ध झाले. १९५८ मध्ये, नव्वदीत, त्यांचे निधन झाले. याचा अर्थ असा की, चित्रपट टिपण्यात त्यांची आठ-नऊ वर्षे गेली आणि दाखवण्यात त्याच्या कितीतरी पट.

यामागचा हिशोब सरळ होता. टिपलेल्या फितीवर खर्च करायचा चार ठिकाणी : कच्ची फीत, प्रवास, लंडनची धुलाई आणि प्रत. मिळकत एकाच ठिकाणी, म्हणजे तिकीटबारीवर. तीच तिकीटबारी परदेशातून आलेल्या तयार फितीवरही तितकीच चालत होती. विकत वा भाड्याने आणलेल्या फितीत धोका नव्हता. ऊन पडले नाही, मूठ अडखळली, बोटीला उशीर झाला, यातले काहीही आड येत नव्हते. धंदा कळणाऱ्या माणसाने थिएटर निवडावे यात नवल नाही. वास्तव टिपणाऱ्याला दाखवणाऱ्याइतके पैसे मिळत नाहीत, हे गणित भारतात पहिल्याच छायालेखकाच्या आयुष्यात सुटले आणि अजून फारसे बदललेले नाही.

चार पाय

यावरून माहितीपटाच्या छायालेखकाची कारकीर्द चार पायांवर उभी असते, असे म्हणता येईल. पहिला पाय कॅमेऱ्याचा. दुसरा फीत आणि तिच्या धुलाईचा. तिसरा पडद्याचा, म्हणजे दाखवण्याच्या जागेचा आणि तिथून येणाऱ्या पैशाचा. चौथा जतनाचा. सावे दादांकडे पहिला पाय होता. दुसरा लंडनमध्ये होता. तिसरा त्यांनी स्वतः उभारला आणि शेवटी त्याच्यावरच बसले. चौथा त्या काळी कोणाकडेच नव्हता.

कलकत्त्यात त्याच सुमारास काम करणाऱ्या हिरालाल सेन यांची गोष्ट याला पुष्टी देते. त्यांनी १८९८ मध्ये रॉयल बायोस्कोप कंपनी काढली. १९०५ मध्ये वंगभंगाविरुद्ध कलकत्त्यात झालेली निदर्शने त्यांनी टिपली. राजकीय घटनेचे असे चित्रण आपल्याकडे त्यापूर्वी क्वचितच झाले असेल. १९१७ मध्ये लागलेल्या आगीत त्यांच्या फिती जळाल्या आणि त्याच वर्षी ते स्वतःही गेले. तेव्हाची फीत नायट्रेटची असे. ती भडकन पेट घेते, आणि पेटली नाही तरी दमट हवेत चिकट होत होत शेवटी भुकटी होते. मुंबई आणि कलकत्ता ही दोन्ही शहरे समुद्राच्या हवेची. फीत जपून ठेवणारी संस्था नसेल, तर अशा हवेत टिपलेले वास्तव टिपणाऱ्याइतकेही जगत नाही.

दुसरा पाय देशात रोवला तो दादासाहेब फाळक्यांनी. ते १९१२ मध्ये लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आले. ‘राजा हरिश्चंद्र’ सर्वांना ठाऊक असतो, पण त्याच्या आधी फाळक्यांनी केलेली फीत शुद्ध माहितीपटाच्या जातीची आहे. कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरून, कॅमेरा एका जागी रोवून, ठराविक वेळाने एकेक चौकट टिपत त्यांनी अंकुराची वाढ चित्रित केली. कित्येक दिवसांत जे होते, ते पडद्यावर मिनिटभरात झाले. ही फीत पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी भांडवल दिले. छायालेखक वेळही टिपतो, आणि ती वेळ ताणायची की आखडायची हे ठरवणे त्याच्या हाती असते, हे या फितीने दाखवले.

याहून महत्त्वाची गोष्ट स्वयंपाकघराशेजारी घडत होती. कच्च्या फितीच्या कडेला भोके पाडणे आणि टिपलेली फीत धुणे ही कामे फाळक्यांच्या घरातच होत, आणि सरस्वतीबाई फाळके ती करत. सावे दादांना ज्या कामासाठी फीत समुद्रापार पाठवावी लागली, ते काम एका मराठी बाईने घरात करून दाखवले. धुलाई घरी आल्यामुळे काल काय टिपले ते आज पाहता येऊ लागले, आणि चूक झाली असेल तर ती त्याच जागी दुरुस्त करता येऊ लागली.

सरकारी पगार आणि शंभर फुटांची चरखी

तिसरा पाय, म्हणजे पडदा आणि पैसा, मिळायला स्वातंत्र्य यावे लागले. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश सरकारने १९४३ मध्ये इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया ही संस्था चालवायला घेतली होती. ती १९४६ मध्ये बंद पडली. त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ उजाडला तेव्हा देशाच्या सरकारकडे चित्रीकरणाचे स्वतःचे खाते नव्हते. त्या दिवसाची जी हलती चित्रे आपण आज पाहतो, ती खासगी आणि परदेशी कॅमेऱ्यांची देणगी आहे. स्वतःच्या जन्माचे चित्र काढायला देशाकडे माणूस नसावा, ही गोष्ट दिल्लीतही जाणवली असणार. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू झाले.

या खात्याने छायालेखकाला महिन्याचा पगार दिला. देशभरच्या थिएटरांना मुख्य चित्रपटाआधी सरकारमान्य माहितीपट किंवा वृत्तचित्र दाखवणे सक्तीचे झाले, आणि त्यासाठी त्यांना भाडेही भरावे लागे. म्हणजे पडदा ठरलेला आणि पैसाही ठरलेला. ‘इंडियन न्यूज रिव्ह्यू’ दर आठवड्याला निघे. ‘सरकारी चित्र लागलं, अजून मेन पिक्चरला वेळ आहे’ म्हणत बाहेर चहा पीत उभे राहणारे प्रेक्षक ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना त्या सक्तीची दुसरी बाजूही ठाऊक आहे. पण पूर, दुष्काळ, भाक्रा-नांगल, युद्धे, यात्रा, कारखाने यांची जी चित्रे आज शिल्लक आहेत, त्यातली बरीचशी अशाच पगारी कॅमेरामननी टिपलेली आहेत. त्यांची नावे पडद्यावर दोन सेकंद येत.

त्यांच्या कामाचा अंदाज यावा म्हणून पुन्हा थोडा हिशोब. वृत्तचित्रांसाठी जगभर वापरल्या जाणाऱ्या आयमो या हातातल्या कॅमेऱ्यात शंभर फुटांची चरखी बसे. ३५ मिलिमीटरच्या एका फुटात १६ चौकटी असतात. सेकंदाला २४ चौकटी या वेगाने मिनिटाला ९० फूट फीत जाते. म्हणजे शंभर फूट संपतात ते एक मिनिट सात सेकंदांत. पुराच्या पाण्यात उभा राहिलेला कॅमेरामन दर मिनिटाने चरखी बदलतो, आणि मधे किल्लीही भरतो. पुढे १६ मिलिमीटर आले. त्यात फुटाला ४० चौकटी, त्यामुळे चारशे फुटांच्या रिळात अकरा मिनिटे मिळू लागली. कॅमेरा हलका झाला आणि शेजारी आवाज टिपणारा माणूस उभा राहू शकला. अकरा मिनिटांत माणूस एखादी गोष्ट पुरती सांगू शकतो, मिनिटभरात तो फक्त हात हलवू शकतो. माहितीपटातला सामान्य माणूस बोलू लागला तो या रिळाच्या लांबीमुळे. सरकारचे निवेदन ऐकण्याऐवजी समोरच्याचे म्हणणे ऐकण्याची सवय प्रेक्षकाला लागली, त्यामागे यंत्राचाही मोठा वाटा आहे.

याच काळात पुण्यात दोन संस्था उभ्या राहिल्या. १९६० मध्ये प्रभात कंपनीच्या जागेत फिल्म इन्स्टिट्यूट आली आणि छायालेखन हा शिकण्याचा विषय झाला. १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झाले आणि चौथा पाय पहिल्यांदा जमिनीला टेकला. तोही भक्कम होता असे नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिती ठेवलेल्या जागेला आग लागली आणि जुन्या फिती पुन्हा एकदा जळाल्या. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि हे संग्रहालय दोन्ही राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

विस्थापितांच्या गावातला कॅमेरा

पुण्याच्या इन्स्टिट्यूटमधून छायालेखन शिकून बाहेर पडलेल्यांत रंजन पालित यांचे नाव माहितीपटाच्या संदर्भात आवर्जून घ्यावे लागते. १९८५ च्या ‘हमारा शहर’ या आनंद पटवर्धन यांच्या माहितीपटाच्या छायालेखनात ते होते. मुंबईच्या फुटपाथवरच्या आणि झोपडपट्ट्यांतल्या माणसांची घरे पाडली जात होती, त्याचा हा चित्रपट. पुढे वसुधा जोशी यांच्याबरोबर त्यांनी ‘व्हॉइसेस फ्रॉम बालियापाल’ केला. ओडिशातल्या बालियापालमध्ये क्षेपणास्त्र चाचणीसाठी सुपीक जमीन जाणार होती आणि गावकरी ती द्यायला तयार नव्हते. मुळशीच्या वाचकाला हा विषय नवा वाटणार नाही. फरक एवढाच की, मुळशीच्या शेतकऱ्याचे म्हणणे दुसऱ्याने लिहिले तेवढे उरले, आणि बालियापालचा शेतकरी स्वतःच्या तोंडाने, स्वतःच्या बांधावर उभा राहून बोलताना आजही दिसतो.

पालित यांनी कथापटांचेही छायालेखन केले. विशाल भारद्वाज यांचा ‘सात खून माफ’ हा त्यातला एक. भारतात नुसत्या माहितीपटावर छायालेखकाचे घर चालणे अवघड, म्हणून बहुतेकांना जाहिरात, मालिका किंवा कथापटाची जोड द्यावी लागते. सावे दादांनी थिएटर धरले, आजचा छायालेखक जाहिरात धरतो. पण पालित यांनी २०१० मध्ये एक वेगळी गोष्ट केली. ‘इन कॅमेरा’ या माहितीपटात त्यांनी आपल्याच पाव शतकाच्या चित्रीकरणाकडे वळून पाहिले. भारतात माहितीपटाच्या कॅमेरामनने आपल्या कारकिर्दीवरच चित्रपट करावा, हे विरळा. त्यात एक प्रश्न सतत उभा राहतो : ज्यांच्या दुःखाचे चित्र मी काढले, त्यांचे पुढे काय झाले, आणि त्या चित्राचा फायदा कोणाला झाला?

हा प्रश्न तंत्राचा नाही, पण छायालेखकाला तो टाळता येत नाही. दिग्दर्शक संकलनाच्या खोलीत चित्र पाहतो. कॅमेरामन त्या माणसापासून चार हातांवर उभा असतो. घर पाडले जात असताना रडणाऱ्या बाईच्या चेहऱ्याजवळ कॅमेरा न्यायचा की मागे राहायचे, हे त्याच क्षणी त्यालाच ठरवावे लागते. जवळ गेले तर तिच्या दुःखात घुसल्यासारखे होते, मागे राहिले तर तिच्यावर काय गुदरले ते जगाला कळत नाही. याचे कायमचे उत्तर नाही. मात्र तिला आधी ओळखणारा, तिच्या घरी चहा प्यायलेला आणि उद्या पुन्हा येणारा कॅमेरामन जवळ गेला तर ते घुसणे वाटत नाही, एवढे अनुभवी लोक सांगतात.

पुन्हा जाण्याचे मोल दाखवणारे उदाहरण मराठी मुलखातलेच आहे. ‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, त्यात दहा माणसे मेली. काही दिवसांनी घोगरे यांनी आपले जीवन संपवले. पटवर्धनांनी तिथून कॅमेरा हाती घेतला आणि १४ वर्षांनी, २०११ मध्ये, ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. सव्वातीन तासांच्या या चित्रपटात १९८५ च्या फितीतले घोगरे पुन्हा गातात. ती फीत टिपली तेव्हा तिच्यात एक गाणारा कार्यकर्ता होता. बारा वर्षांनी तीच फीत एका माणसाची साक्ष झाली. कशाची किंमत पुढे वाढणार, हे टिपताना कोणालाच कळत नाही. म्हणून टिपणे आणि जपणे ही दोन्ही कामे सारखीच महत्त्वाची.

१९९५ मध्ये पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी नर्मदा खोऱ्यातल्या लढ्यावर ‘नर्मदा डायरी’ केली. मुळशीनंतर सत्तर वर्षांनी धरणाविरुद्ध बसलेल्या माणसांजवळ कॅमेरा होता. सातपुड्यातल्या आदिवासी बाईचा आवाज, तिची भाषा आणि ती ज्या पाण्यात उभी होती ते पाणी, हे सगळे त्यात राहिले आहे.

मुळशीत आज

आता चारही पायांचा हिशोब पुन्हा मांडू. कॅमेरा आज खिशात आहे. पौडच्या आसपास लग्ने, साखरपुडे आणि जत्रा चित्रित करणाऱ्या मुलांकडे जी यंत्रे आहेत, ती आयमो घेऊन पुरात उतरलेल्या कॅमेरामनला स्वप्नातही दिसली नसती. धुलाईचा प्रश्न मिटला आहे. पडदाही हाताशी आहे. पैसा मिळेलच असे नाही, पण दाखवण्यासाठी थिएटर बांधावे लागत नाही. सर्वांत दुबळा आहे तो पुन्हा चौथाच पाय. नायट्रेटची फीत जळायला आग लागे. आजचे चित्रण मोबाइल बदलताना किंवा हार्डडिस्क एकदा हातातून पडली तरी जाते. त्याला धूरही येत नाही, त्यामुळे काही गेले आहे हे कित्येकदा कळतही नाही.

आणि टिपण्यासारखे मुळशीत भरपूर आहे. आंबेमोहोराची लावणी करणारे हात कमी होत आहेत. ताम्हिणीच्या पावसात वाढलेली, धरणाच्या पाण्यापासून वर सरकून वसलेली घरे आणि त्या घरांत आजी-आजोबांकडून ऐकलेल्या गोष्टी सांगणारी शेवटची पिढी अजून आहे. एका बाजूने हिंजवडी वाढते आहे, दुसऱ्या बाजूने डोंगरांवर बंगले चढत आहेत. जमिनीच्या व्यवहारांचे कागद तहसील कचेरीत राहतीलच. जमीन देणाऱ्याचा चेहरा कुठे राहणार, हा प्रश्न आहे.

या कामाला लागू इच्छिणाऱ्या तरुणासाठी सव्वाशे वर्षांच्या या इतिहासातून निघणाऱ्या गोष्टी थोड्या आणि साध्या आहेत. ज्या कामाचे चित्रण करायचे ते काम आधी समजून घ्यावे. भातलावणी टिपणाऱ्याने एक दिवस तरी चिखलात उभे राहावे. ज्याचे चित्रण करतो त्याला ते कशासाठी आहे ते सांगावे, आणि तो नको म्हणाला तर कॅमेरा बंद करावा. एकदा जाऊन भागत नाही. पुढच्या मोसमात, पुढच्या वर्षी पुन्हा जावे. प्रत्येक चित्रणासोबत तारीख, गाव, वाडी, माणसाचे नाव आणि तो काय करतो आहे, हे लिहून ठेवावे. नावाशिवाय उरलेला चेहरा पन्नास वर्षांनी कोणाचाच नसतो. मूळ चित्रणाच्या निदान दोन प्रती दोन वेगळ्या घरांत ठेवाव्यात आणि त्या दर काही वर्षांनी नव्या साठवणीत उतरवाव्यात. चित्रण झालेल्या घरी एक प्रत द्यावी. ती केवळ सौजन्याची बाब नाही. ज्याचा चेहरा आहे, तो ती कोणत्याही संस्थेपेक्षा जास्त जपतो.

पोटापाण्यासाठी लग्ने टिपावीत, त्यात कमीपणा नाही. सावे दादांनीही आधी स्टुडिओ चालवला आणि नंतर थिएटर. लग्नातली गर्दी टिपताना हाताला जी सवय लागते, मुंडावळ्या बांधताना आईचा हात कधी थांबेल याचा जो अंदाज येतो, तीच सवय आणि तोच अंदाज बांधावर उपयोगी पडतो. वर्षातल्या तीस-चाळीस लग्नांनंतर चार दिवस स्वतःच्या गावासाठी काढता आले, तर दहा वर्षांत चाळीस दिवसांचे चित्रण जमते. १८९९ च्या त्या कुस्तीला मिळाला होता एक मिनिट, आणि तोही आता उरलेला नाही. मुळशीच्या एखाद्या वाडीला चाळीस दिवस मिळाले आणि ते नावगावासह दोन घरांत जपले गेले, तर शंभर वर्षांनी इथे काय होते हे विचारणाऱ्याला केवळ कागदावर अवलंबून राहावे लागणार नाही.